निर्णयाची रात्र आणि निभावण्याची वर्षे

इतिहासातील एखाद्या निर्णयाचा विचार करताना आपली दृष्टी निर्णयाच्या क्षणावर जितकी सहज खिळते, तितकी ती त्यानंतरच्या वर्षांवर खिळत नाही. क्षणात नाट्य असते. वर्षांत असते ते निभावणे, आणि निभावण्याला प्रेक्षक मिळणे कठीण. परंतु माणसाचा खरा परिचय त्याने काय ठरविले यावरून होतो, की ठरविलेल्या गोष्टीबरोबर तो पुढे कसा राहिला यावरून होतो, हा प्रश्न वाङ्मयाच्या अभ्यासकास टाळता येण्याजोगा नाही. आमच्या मते मराठी ऐतिहासिक वाङ्मयाने या प्रश्नाचा पहिला अर्धा भाग फार समर्थपणे हाताळला आहे; दुसऱ्या अर्ध्याकडे मात्र त्याने पुरेसे लक्ष दिलेले नाही. हे विधान कोणावर दोषारोप करण्यासाठी आम्ही करीत नाही. माळव्यातील दोन गावांच्या निमित्ताने ते तपासून पाहावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

ती दोन गावे म्हणजे धार आणि देवास. इंदूरच्या पश्चिमेस एक, ईशान्येस दुसरे. दोन्हीकडे राज्य केले ते एकाच पवार कुळातील शाखांनी. दोन्ही गावांचा संबंध आपल्या भाषेतील एका शब्दाशी आहे. तो शब्द म्हणजे भाऊबंदकी. धारच्या वाट्यास त्या शब्दाचा रक्तरंजित अर्थ आला, देवासच्या वाट्यास त्याचा कारकुनी अर्थ आला. आणि योगायोग असा की, पहिल्या अर्थावर मराठीतील एक श्रेष्ठ नाटक उभे आहे, तर दुसऱ्याच्या पार्श्वभूमीवर एका इंग्रज लेखकाचे एक विलक्षण पुस्तक उभे आहे. या दोन कृती शेजारी ठेवून वाचल्या म्हणजे आमचे म्हणणे स्पष्ट होईल.

प्रथम धार. 30 ऑगस्ट 1773 रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. 'धरावे' या शब्दातील 'ध' खोडून तेथे 'मा' लिहिला गेला आणि तो आनंदीबाईने लिहिला, ही कथा ग्रँट डफच्या इतिहासाने ग्रंथबद्ध केली, आणि मराठी माणसाच्या तोंडी ती म्हणीच्या रूपाने कायमची बसली. त्या एका अक्षराचा दोष आनंदीबाईकडे कितपत जातो याविषयी निर्णायक पुरावा नाही. परंतु खुनाचा लाभ रघुनाथरावास झाला आणि पेशवाईची वस्त्रे त्याने स्वीकारली, याविषयी वाद नाही. रामशास्त्री प्रभुणे यांनी त्यास देहान्त प्रायश्चित्त सांगितले आणि पुणे सोडले, ही गोष्ट तर मराठी न्यायबुद्धीची मानखूणच होऊन बसली आहे.

कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांनी 1909 साली 'भाऊबंदकी' लिहिले ते या प्रसंगावर. सुरतेच्या काँग्रेसमध्ये फूट पडून त्या वेळी दोनच वर्षे झाली होती. घरातील वैर परक्याच्या पथ्यावर कसे पडते हा त्या काळाचा जिवंत प्रश्न होता, आणि खाडिलकरांसारख्या राजकारणात मुरलेल्या नाटककाराने तो पेशवाईच्या आरशात दाखविला. नाटकाचे सामर्थ्य कशात आहे हे सांगावयास नको. दुबळ्या मनाचा महत्त्वाकांक्षी रघुनाथराव, त्याच्या मनातील इच्छेला धार लावणारी आनंदीबाई आणि या दोघांपुढे निर्भयपणे उभा राहणारा न्यायाधीश, असा हा त्रिकोण आहे. सिंहासनापुढे शास्त्र उभे राहते तेव्हा प्रेक्षकाच्या मनात जी उन्नत भावना जागी होते, तिच्या तोडीचे क्षण मराठी रंगभूमीवर थोडे आहेत. 1944 साली 'प्रभात'ने 'रामशास्त्री' हा बोलपट काढला, तेव्हा हाच प्रसंग पुन्हा हजारोंच्या मनावर कोरला गेला.

येथपर्यंत आमची तक्रार नाही. आमचा प्रश्न यापुढे सुरू होतो. निवाडा झाला, शास्त्रीबोवा निघून गेले. पण ज्यांच्याविरुद्ध निवाडा झाला, ती माणसे कोठे गेली?

1774 साली मराठी राज्याचे भवितव्य दोन गरोदर स्त्रियांच्या उदरात होते. एक नारायणरावाची विधवा गंगाबाई. बारभाईंनी तिला पुरंदरावर जपून ठेवले होते. 18 एप्रिल रोजी तिला पुत्र झाला, तो सवाई माधवराव. दुसरी आनंदीबाई. बारभाईंच्या फौजांपुढे उत्तरेकडे सरकत गेलेल्या रघुनाथरावाने तिला धारच्या किल्ल्यात ठेवले आणि तो स्वतः गुजरातेकडे इंग्रजांच्या मदतीच्या शोधात गेला. 10 जानेवारी 1775 रोजी त्या किल्ल्यात तिला पुत्र झाला, तो दुसरा बाजीराव. खुनाच्या रात्रीस तेव्हा सोळा महिने होऊन गेले होते. किल्ल्यातील खरबुजा महाल ही त्या जन्माची जागा म्हणून आजही दाखविली जाते. धारचे खंडेराव पवार यांनी रघुनाथरावाचा पक्ष धरल्यामुळे विरोधकांचा वेढा किल्ल्यास पडला. आनंदीबाई आणि मूल त्यांच्या हवाली होईपर्यंत धारचा मुलूखही जप्तीत राहिला. म्हणजे ज्या घराने आश्रय दिला, त्या घरालाही पुण्यातील त्या रात्रीची किंमत द्यावी लागली. आणि ते घर कोणते? चौदा वर्षांपूर्वी पानिपतावर ज्याचा कर्ता पुरुष यशवंतराव पडला होता, ते.

पुढची वर्षे मोजून पाहावीत. मार्च 1775 मध्ये सुरतेचा तह झाला. 1779 च्या जानेवारीत वडगावास इंग्रजांची नामुष्की झाली. 1782 साली सालबाईचा तह होऊन रघुनाथरावाचा डाव संपला. 1783 च्या डिसेंबरात कोपरगाव येथे तो वारला. त्यानंतरही आनंदीबाई दहा वर्षे जगली आणि 1794 च्या मार्चमध्ये नाशिकजवळच्या आनंदवल्लीस वारली. जिच्या नावावर एक अक्षर लिहिले गेले, ती स्त्री त्या अक्षरानंतर वीस वर्षांहून अधिक काळ जगली. मुलगे नजरकैदेत वाढत होते, पती गेला होता, आणि लोकांच्या तोंडी म्हण झाली होती. पुढे 1795 साली सवाई माधवराव निपुत्रिक वारला, आणि 1796 च्या अखेरीस धारच्या किल्ल्यात जन्मलेला तो मुलगा पेशवा झाला. ज्या गादीसाठी 1773 मध्ये रक्त सांडले, ती रघुनाथरावाच्या वंशास अशी मिळाली. त्या वेळी आई आणि बाप दोघेही हयात नव्हते. आणि त्याच मुलाच्या हातून 1802 साली वसईचा तह झाला व 1818 साली ती गादी बुडाली.

या वर्षांत नाट्य नाही असे कोण म्हणेल? तरीसुद्धा आपल्या रंगभूमीने आणि आपल्या लोकस्मृतीने आनंदीबाईस शनिवारवाड्याच्या दरवाज्याशी सोडून दिले आहे. धारच्या किल्ल्यात बसून ती काय विचार करीत असेल, पुरंदरावरील मुलाच्या जन्माची वार्ता ऐकताना तिच्या मनात काय आले असेल, मुलाच्या पाळण्याची दोरी ओढताना 'ध' आणि 'मा' ही अक्षरे तिच्या कानात घुमत असतील की नाही, हे प्रश्न वाङ्मयाचे आहेत. पुराव्याअभावी इतिहासकारास ते विचारता येत नाहीत. नाटककारास आणि कादंबरीकारास ते विचारता येतात.

येथे एक आक्षेप घेतला जाण्याचा संभव आहे. नाटकाला संघर्ष हवा, त्याचा उत्कर्षबिंदू हवा. वीस वर्षांचा पश्चात्ताप, किंवा पश्चात्तापाचा अभाव, रंगभूमीवर कसा दाखवावयाचा? आक्षेप वाजवी दिसतो, पण तो टिकणारा नाही. मराठी रंगभूमीने सामाजिक नाटकात हेच काम अनेकदा केले आहे. 1919 साली रंगभूमीवर आलेल्या गडकऱ्यांच्या 'एकच प्याला'त पहिला पेला आरंभीच घेतला जातो, आणि पुढील सारे नाटक त्या पेल्याच्या तळाशी काय उरले त्याचे असते. वि. वा. शिरवाडकरांच्या 'नटसम्राट'चे उदाहरण तर अधिकच बोलके आहे. आपली सारी मिळकत मुलांना वाटून देण्याचा आप्पासाहेब बेलवलकरांचा निर्णय नाटकाच्या प्रारंभीच होऊन जातो. तो मोठ्या मनाने आणि काहीशा नटाच्या उमाळ्याने घेतलेला असतो. त्यानंतर आप्पासाहेब आणि कावेरी त्या निर्णयाच्या घरात भाडेकऱ्यासारखी राहतात. 1970 पासून प्रेक्षकाने ते नाटक डोक्यावर घेतले ते त्यातील दानासाठी नव्हे. दान दिल्यानंतर माणसाला आपल्याच घरात कोणता कोपरा उरतो, हे त्यात दिसले म्हणून घेतले. तेव्हा निभावण्याचे नाट्य आपल्या रंगभूमीस जमत नाही असे म्हणता येत नाही. प्रश्न असा की, घरगुती माणसाच्या बाबतीत जे आपणास जमले, ते ऐतिहासिक माणसाच्या बाबतीत का जमले नाही?

याचे उत्तर आम्हांस असे दिसते की, इतिहासाकडे पाहताना मराठी लेखक नकळत न्यायासनावर जाऊन बसतो. रामशास्त्र्यांच्या प्रभावी प्रतिमेचाच हा परिणाम असेल. कोण दोषी, कोण निर्दोष, हे ठरविणे हे त्याला आपले कर्तव्य वाटते. पुढे एखाद्या बदनाम पुरुषाविषयी सहानुभूती वाटू लागली, म्हणजे तो न्यायासनावरून उतरतो आणि वकिलाच्या जागी येतो. ना. सं. इनामदारांनी दुसऱ्या बाजीरावावर लिहिलेली 'मंत्रावेगळा' ही कादंबरी या दृष्टीने लक्षात घेण्याजोगी आहे. पळपुटा म्हणून हिणविल्या गेलेल्या पुरुषाची बाजू समजून घेण्याचे धैर्य तिने दाखविले आणि वाचकाचा एकांगी ग्रह हलविला, हे तिचे श्रेय निर्विवाद आहे. तथापि बाजू मांडणे हीदेखील कचेरीतीलच क्रिया आहे. फिर्याद असो वा बचाव, दोहोंचे लक्ष कृत्याकडेच लागलेले असते. कचेरी उठल्यावर आरोपी घरी जातो, हातपाय धुतो, जेवावयास बसतो. तेथे त्याच्या शेजारी पाट मांडून बसणारा लेखक आम्हांस हवा आहे.

असा लेखक देवासला मिळाला. परंतु तो मराठी नव्हता.

देवासचा निर्णय धारच्या मानाने अगदी सौम्य होता. पहिल्या बाजीरावाबरोबर माळव्यात आलेले तुकोजी आणि जिवाजी हे दोन पवार बंधू 1728 च्या सुमारास देवास येथे स्थिर झाले. राज्य मिळाले, तेव्हा भावाभावांत ते वाटले गेले. रक्त सांडले नाही, कोणी कोणास कैद केले नाही. थोरली पाती आणि धाकटी पाती अशी दोन राज्ये झाली आणि दोघांची राजधानी मात्र एकच राहिली. गावे एकमेकांत गुंतलेली, शहर विभागलेले, रस्त्याच्या या कडेस एक राज्य आणि त्या कडेस दुसरे. इंग्रजांनी 1818 साली दोहोंशी करार केला आणि ही वाटणी अधिकच पक्की झाली. 1948 साली दोन्ही राज्ये मध्यभारतात विलीन होईपर्यंत, म्हणजे सुमारे सव्वादोनशे वर्षे, देवासच्या माणसाने त्या दोन भावांच्या एका सकाळच्या समजूतदारपणाचे परिणाम भोगले. दोन दरबार, दोन राजवाडे, दोन तिजोऱ्या. देवीच्या टेकडीवरही तुळजाभवानी आणि चामुंडा अशा दोन देवता असून, मोठी माता व धाकटी माता, सख्ख्या बहिणी, म्हणून लोक त्यांना ओळखतात.

या गावी ई. एम. फॉर्स्टर हा इंग्रज कादंबरीकार 1912-13 च्या प्रवासात प्रथम आला, आणि 1921 साली काही महिने थोरल्या पातीचे महाराज तिसरे तुकोजीराव यांचा खाजगी चिटणीस म्हणून राहिला. त्या वर्षी त्याने पाहिलेला गोकुळाष्टमीचा उत्सव 1924 साली प्रसिद्ध झालेल्या 'अ पॅसेज टू इंडिया' या कादंबरीच्या अखेरच्या भागात उतरला, आणि त्याबरोबर आपल्या तुकारामाचे नावही इंग्रजी कादंबरीत जाऊन बसले. मात्र आम्हांस येथे त्या कादंबरीविषयी बोलावयाचे नाही. 1953 साली फॉर्स्टरने 'द हिल ऑफ देवी' हे पुस्तक प्रसिद्ध केले. त्याविषयी बोलावयाचे आहे.

या पुस्तकाची घडण प्रथम पाहावी. त्यात देवासहून घरी लिहिलेली जुनी पत्रे आहेत, आणि त्या पत्रांना जोडणारे, तीसहून अधिक वर्षांनंतर लिहिलेले निवेदन आहे. पत्र लिहिणाऱ्यास पुढे काय होणार हे ठाऊक नाही. निवेदन लिहिणाऱ्यास सारे ठाऊक आहे. पत्रांत महाराज हसतात, थट्टा करतात, उत्सवात देहभान विसरतात, खर्चाचा हिशेब पुढे ढकलतात. वाचक हसतो, आणि पान उलटल्यावर म्हातारा झालेला पत्रलेखक त्यास शांतपणे सांगतो की, ज्यास आपण तेव्हा हसलो त्याचे पुढे असे झाले. निर्णय आणि परिणाम यांच्यामधील काळ असा पुस्तकाच्या रचनेतच साठविलेला आहे. आमच्या मते हे या पुस्तकाचे खरे वाङ्मयीन यश होय. विनोदी प्रवासवर्णन म्हणून ते वाचणाऱ्यांच्या हातून नेमके तेच निसटते.

आणि पुढे झाले ते थोडके नव्हते. तुकोजीरावांचा विवाह कोल्हापूरच्या शाहू छत्रपतींच्या कन्येशी झाला होता. ती माहेरी निघून गेली. नवा राजवाडा बांधावयास घेतला होता, तो पुरा होण्याआधीच जीर्ण होऊ लागला. कर्ज वाढत गेले. 1927 च्या डिसेंबरात युवराज विक्रमसिंहराव बापाचे घर सोडून निघून गेले. अखेर 1933 साली, राज्याचा कारभार इंग्रज सरकारच्या चौकशीच्या कात्रीत सापडला असता, महाराजांनी दक्षिणेची वाट धरली आणि ते फ्रेंचांच्या पुदुचेरीत जाऊन राहिले. तेथून ते परत आले नाहीत. 1937 च्या डिसेंबरात तेथेच त्यांचा अंत झाला. पुढे 1947 साली विक्रमसिंहराव दत्तक जाऊन कोल्हापूरच्या गादीवर शहाजी छत्रपती म्हणून बसले. जी कन्या सासर सोडून माहेरी गेली होती, तिच्या पुत्रास आजोळची गादी मिळाली, आणि देवासचा वारसा त्याच्या पुत्राकडे गेला.

एवढी सामग्री हाती असता दुसरा एखादा लेखक न्यायाधीश झाला असता. उधळ्या राजा, कर्तव्यशून्य पिता, पळून गेलेला संस्थानिक, हे आरोप हाताशीच होते. फॉर्स्टर ते लपवीत नाही. महाराजांना हिशेब जमला नाही, हे तो स्पष्ट सांगतो. इंग्रजी राजकीय खात्यावर त्याचा राग आहे आणि मित्राविषयी पक्षपात आहे, हेही उघड दिसते. तरीपण तो वकील होत नाही, कारण आपल्या अशिलास सोडवून नेण्याची आशा त्यास नाही. तो मित्राच्या सोबत बसतो. ज्या माणसाने एकामागून एक चुका केल्या, त्याचे मन उदार होते आणि त्याची भक्ती खरी होती, या दोन्ही गोष्टी तो एकाच श्वासात सांगतो, आणि दोहोंचा मेळ घालण्याची घाई करीत नाही. जो मेळ प्रत्यक्ष आयुष्याने घातला नाही तो लेखकाने घालू नये, हा संयम आमच्या ऐतिहासिक लेखनास शिकण्यासारखा आहे.

या पुस्तकाच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. फॉर्स्टरला मराठी येत नव्हते. एका शहरात दोन राज्ये ही गोष्ट त्यास मुळापासून हास्यास्पद वाटते. ती तशी का झाली हे त्यास उमगत नाही. मराठी वाचकास मात्र ते उमगते. आपल्याकडील वतनाची वाटणी ज्याने पाहिली आहे, त्यास ठाऊक आहे की, भाऊ वेगळे होताना एकास सारी बागाईत आणि दुसऱ्यास सारी जिराईत असे करीत नाहीत. चांगल्यातले थोडे आणि वाईटातले थोडे दोघांनाही यावे, म्हणून एकेका शिवाराचे तुकडे पाडतात. विहिरीचे पाणीसुद्धा पाळ्या लावून वाटतात. देवासची गुंतागुंत आमच्या मते या न्यायबुद्धीतूनच आली. ती मूर्खपणातून आलेली नाही. भावावर अन्याय होऊ नये म्हणून जे केले, तेच पुढील आठ पिढ्यांना अडचणीचे झाले. फॉर्स्टरला येथे केवळ गंमत दिसली. शोकात्म असे जे आहे, ते याच्या पलीकडे आहे: सद्हेतूने केलेला निर्णयही निभावावा लागतो, आणि त्यास वर्षे तितकीच लागतात. हे लिहिण्याचा अधिकार मराठी लेखकाचा होता. फॉर्स्टरने राजवाड्यातील दिवाणखाना दाखविला. माजघर दाखविणे त्यास शक्यच नव्हते. कोल्हापूरच्या त्या कन्येचे मन त्याच्या पुस्तकात बंद दाराआडच राहते.

अशा रीतीने हिशेब बरोबरीत येतो. धारच्या बाबतीत आपणाजवळ भाषा होती, माणसे आपली होती, मनाचे सारे कानेकोपरे ओळखीचे होते. पण आपण निवाड्यापाशी थांबलो. देवासच्या बाबतीत एक परका मनुष्य शेवटपर्यंत थांबला; पण त्याच्याजवळ भाषा नव्हती. या दोहोंची सांगड घालणारी कृती कोणी लिहील, तर ती मराठी ऐतिहासिक वाङ्मयास पुढचे पाऊल टाकावयास लावील, अशी आमची श्रद्धा आहे.

आता एका गंभीर शंकेचे उत्तर दिले पाहिजे. अपराध्याच्या पुढील आयुष्यात इतके रमल्याने अपराध सौम्य होत नाही काय? आनंदीबाईच्या पाळण्याशी बसलेला वाचक गंगाबाईचे अश्रू विसरणार नाही काय? ही भीती खोटी नाही. परंतु निवाडा आणि सोबत या परस्परविरोधी गोष्टी आहेत असे आम्ही मानीत नाही. रामशास्त्र्यांनी सांगितलेले प्रायश्चित्त रघुनाथरावाने घेतले नाही, म्हणजे शिक्षा कागदावरच राहिली. तेव्हा न्यायाची तहान ज्यास आहे त्यानेच पुढील वर्षांकडे अधिक बारकाईने पाहावयास हवे. शिक्षा झालीच असेल तर ती तेथे झाली: धारच्या वेढ्यात, इंग्रजांच्या दारातील ताटकळीत, कोपरगावच्या अखेरीत, त्यानंतरच्या दहा वर्षांच्या वैधव्यात. ती झाली नसेल, माणूस आपल्या कृत्यासह सुखाने झोपूही शकत असेल, तर तेही कळणे आवश्यक आहे. कारण ते सत्य त्याहून भयंकर आहे. निवाड्यापाशी थांबणारे नाटक प्रेक्षकास नीतीचे समाधान देऊन घरी पाठविते. आमच्या मते ते समाधान थोडे लवकर मिळते.

शेवटी या विषयाचा आम्हां माळव्यातील मराठी वाचकांशी असलेला संबंध सांगितल्याशिवाय हा लेख संपविणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. नर्मदा ओलांडण्याचा निर्णय आमच्या पूर्वजांनी घेतला. कोणी शिलेदार म्हणून आला, कोणी फडणिशीच्या दप्तराबरोबर आला, कोणी पोथ्या आणि पूजेचे देव घेऊन आला. त्या निर्णयाचे पोवाडे आम्ही पुष्कळ गातो. परंतु तो निर्णय गेली तीन शतके आम्ही निभावीत आहो, याचे वाङ्मय आमच्याकडे किती आहे? घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी. आजीच्या तोंडची वाक्ये नातवाच्या तोंडी येईतो त्यांची ठेवण बदललेली. कुळदैवत दक्षिणेत, शेती माळव्यात आणि मुले त्याहूनही दूर. राज्ये गेली, 1948 साली सीमा पुसल्या, 1956 साली मध्यप्रदेश झाला. ज्या कारणासाठी येथे आलो ते कारण उरले नाही आणि आम्ही उरलो. ही स्थिती दयनीय आहे असे आम्ही म्हणत नाही. माळव्याने आम्हांस जे दिले ते थोडे नाही, आणि परत जाण्याचा विचार कोणाच्या मनात नाही. आमचे म्हणणे इतकेच की, आमच्या संमेलनांतून आणि स्मरणिकांतून आम्हीही पहिल्या क्षणाचेच उत्सव करतो. स्वारीचे वर्ष आम्हांस तोंडपाठ असते. त्यानंतरच्या सामान्य दिवसांचे आमच्याजवळ टिपण नसते. खाडिलकरांच्या नाटकाविषयी वर जे म्हटले ते आम्हांसही लागू आहे.

धारच्या किल्ल्यात आज कोणी राहत नाही. देवासच्या ज्या रस्त्यावर दोन राज्यांची हद्द होती, तेथे आता हद्द कोठे होती हे विचारून घ्यावे लागते. टेकडीवर मात्र दोन्ही देवींपुढे लोक रांगेने उभे राहतात, आणि एकीचे दर्शन घेऊन दुसरीकडे गेल्यावाचून खाली उतरत नाहीत. वाटणी झाली ती झाली. ती मोडता येत नाही, हे त्यांनी ओळखले आहे. तिच्यासह दोन्ही ठिकाणी हात जोडावयाचे, असा त्यांनी आपल्यापुरता मार्ग काढला आहे. आपल्या ऐतिहासिक वाङ्मयाला आनंदीबाईच्या त्या वीस वर्षांपाशी जावयाचे असेल, तर न्यायासन काही काळ रिकामे ठेवून त्यालाही असाच पायी चढ चढावा लागेल.